शोशा मशिनगनचे नवे मॅगझिन : परीक्षा नेमकी कोणाची?

पहिल्या महायुद्धात फ्रेंच सैन्याने वापरलेल्या ‘शोशा’ या हलक्या मशिनगनची गणना आजही जगातील सर्वांत वाईट शस्त्रांमध्ये केली जाते. सुमारे अडीच लाख नग तयार झालेली ही बंदूक ऐन मोक्याच्या वेळी अडकते, अशी तिची ख्याती. ही बदनामी कितपत रास्त आहे? हे पाहण्याचा एक मार्ग म्हणजे तिच्यासाठी नवे मॅगझिन, म्हणजे काडतुसांची पेटी, मुद्दाम घडवून घेणे आणि त्याची पद्धतशीर चाचणी करणे.

‘मॉडेल १९१५ सीएसआरजी’ हे या बंदुकीचे अधिकृत नाव. शोशा, स्युतेर आणि रिबेरोल ही तिच्या जनकांची नावे, तर ‘ग्लादियातर’ हा पॅरिसजवळचा सायकलींचा कारखाना. या चौघांच्या आद्याक्षरांवरून हे नाव पडले. बंदुकीखाली लटकणारे अर्धचंद्राकृती मॅगझिन ही तिची खूण. हा आकार शोभेसाठी नव्हता. ८ मिलिमीटर लेबेल काडतूस बुडाशी रुंद असून टोकाकडे झपाट्याने निमुळते होते. शिवाय बुडाची कड बाहेर आलेली असते. अशी काडतुसे एकावर एक रचली, की रांग आपोआप वाकते. आपल्याकडे परिचित असलेल्या थ्री नॉट थ्री काडतुसालाही अशीच कड असते. पण ते कमी निमुळते असल्याने ब्रेनगनचे मॅगझिन किंचितच वाकलेले दिसते.

खरी अडचण वेगळीच होती. शिल्लक काडतुसे दिसावीत म्हणून शोशाच्या मॅगझिनची एक बाजू खिडक्यांसारखी उघडी ठेवली होती. खंदकांतील चिखल तिथूनच आत शिरे. पत्रा पातळ असल्याने तो सहज दबे. क्षमता २० काडतुसांची असली, तरी सैनिक त्यात एखाददोन कमीच भरत. १९१८ मध्ये बंद बाजूंच्या मजबूत मॅगझिनची यशस्वी चाचणी झाली. परंतु ते आघाडीवर पोहोचण्याआधीच युद्ध संपले.

आज उपलब्ध असलेली मूळ मॅगझिन्स शंभरी ओलांडलेली आहेत. स्प्रिंगचा जोर ओसरलेला, कडा वाकलेल्या, पत्र्याला पोचे आलेले. अशा मॅगझिनसह बंदूक अडकली, तर दोष तिचा की पेटीचा, हे सांगणे अशक्य होते. म्हणूनच प्रतिकृतीची गरज भासते.

चाचणीचा पहिला टप्पा गोळीबाराविना पार पडतो. मूळ मॅगझिन्समध्येही आपसात फरक असतो, त्यामुळे एकाऐवजी अनेकांची मापे घेऊन प्रतिकृती पडताळतात. मग दारू नसलेली, पण आकार व वजन तंतोतंत असलेली काडतुसे भरून बंदुकीची यंत्रणा हाताने चालवली जाते. काडतुसांना वर रेटणारी पट्टी वळणावर तिरकी होते का, वरच्या तोंडाच्या दुमडलेल्या कडा काडतूस योग्य क्षणी सोडतात का, हे पाहिले जाते. वरच्या काडतुसाची कड खालच्या कडेच्या मागे गेली, तर दोन्ही एकमेकांत गुंततात. हा या प्रकारच्या काडतुसांचा जुनाच आजार आहे.

यानंतर अधिकृत गोळीबार मैदानावर खरी काडतुसे वापरली जातात. आधी एक, मग दोन, नंतर अधिक. सलग गोळीबार अगदी शेवटी. बंदूक तीच, काडतुसे एकाच प्रकारची, बदलते ते फक्त मॅगझिन. जुने आणि नवे आलटून पालटून लावायचे आणि कितव्या काडतुसाला काय बिघडले, याची नोंद ठेवायची. मध्ये बंदूक थंड होऊ देणेही आवश्यक असते. शोशाची नळी प्रत्येक गोळीगणिक आवरणात मागे सरकते. ती तापून प्रसरण पावली, की अडकून बसते. हा दोष बंदुकीचा. तो मॅगझिनच्या माथी मारला, तर चाचणीच व्यर्थ ठरते.

निष्कर्ष काढतानाही सावधगिरी हवी. अमेरिकी सैन्यासाठी वेगळ्या काडतुसाची शोशा बनवण्यात आली. तिच्यातील काडतूस बसण्याची जागाच चुकीच्या मापाने कोरलेली होती. या बंदुकीची अपकीर्ती मूळ शोशालाही चिकटली. फ्रेंच शोशावरील चाचणीतून अमेरिकी शोशाची निर्दोषता सिद्ध होत नाही. प्रतिकृतीवर ती नवी असल्याची ठळक खूण करणे हेही निर्मात्याचे कर्तव्य आहे. अन्यथा उद्या तीच अस्सल म्हणून विकली जाईल आणि पुढच्या अभ्यासकाची दिशाभूल होईल.

भारतात असा प्रयोग हौसेखातर करता येत नाही. शस्त्र अधिनियम, १९५९ नुसार शस्त्राचे सुटे भागही ‘शस्त्र’ या व्याख्येत येतात आणि स्वयंचलित बंदुका प्रतिबंधित वर्गात मोडतात.

नव्या मॅगझिनसह शोशा सुरळीत चालली, तर एवढेच सिद्ध होते, की तिचा आराखडा समजला जातो तितका वाईट नव्हता. सैनिकांच्या तक्रारी त्यामुळे खोट्या ठरत नाहीत. चिखलात पडून राहिलेल्या त्या सैनिकाला बंदूक आणि मॅगझिन वेगळे करून तोलण्याची सवड नव्हती. जे अडकले, त्याची किंमत त्यानेच मोजली.