चणे, कवी आणि स्वयंपाकी

प्लेटो आपण वर्गात शिकवतो तो कवींच्या हकालपट्टीपासून. ‘रिपब्लिक’च्या दुसऱ्या भागातील साध्या नगराकडे आमचेही बरीच वर्षे लक्ष गेले नव्हते. तेथील नागरिक अंजीर-चणे खातात, बेताने मद्य घेतात, देवांची स्तोत्रे गातात. ग्लॉकॉन त्याला डुकरांचे नगर म्हणून हिणवतो. सॉक्रेटिसला मात्र तेच निरोगी वाटते. पुढे विलासी नगर उभे राहते तेव्हा कवी येतात आणि त्यांच्यामागोमाग, त्याच यादीत, स्वयंपाकी! दहाव्या भागात कवी हाकलले जातात. देवांची स्तोत्रे राहतात. म्हणजे उरते ते चण्याच्या नगरातलेच गाणे. काव्यशास्त्राच्या चर्चेत हा धागा सहसा सुटतो.

चणा मात्र ग्रीसमध्ये टिकला. प्राचीन ‘एरेबिन्थोस’चे आज ‘रेविथी’ झाले आहे. सिफ्नोस बेटावर भिजवलेले काबुली चणे, कांदा, ऑलिव्ह तेल आणि तमालपत्र झाकणाच्या मातीच्या भांड्यात घालून शनिवारी रात्री लाकडाच्या भट्टीत ठेवतात. रविवारी प्रार्थनेनंतर लिंबू पिळून खातात. (आपल्या घरी मंद आचेवर दोन-तीन तास पुरे.) टोमॅटो नाही, मसाला नाही. पाकनिपुणतेला इथे वावच नाही. रात्रभर भांड्याला हात लावायचा नसतो.