राज्यभंगानंतरचा महाराष्ट्रधर्म : उत्तर कोंकणांतील एक साक्ष

इ. स. १७८७ त ठाण्याच्या किल्ल्यांत पाया खणतांना एक ताम्रपट सांपडला. तो शिलाहार अरिकेसरीचा, शके ९३९ चा असून त्याचें भाषांतर कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथमालेच्या पहिल्याच भागांत प्रसिद्ध झालें. उत्तर कोंकणच्या शिलाहारांच्या बिरुदांत 'तगरपुरपरमेश्वर' हें एक बिरुद येतें. तगर म्हणजे धाराशिव जिल्ह्यांतील तेर. श्रीस्थानकास, म्हणजे आपल्या ठाण्यास, बसून कारभार करणाऱ्या या राजांनीं पूर्वजांच्या त्या दूरच्या नगराचें नांव आपल्या शासनांत पिढ्यानपिढ्या मिरविलें. गांव सुटलें, पण गांवाचें नांव सुटलें नाहीं.

आतां पुढें काय झालें तें पाहावें. शके ११८७ च्या सुमारास यादव महादेवानें शेवटचा शिलाहार सोमेश्वर याचा पाडाव केला. हेमाद्रीनें आपल्या प्रशस्तींत, महादेवाच्या कोपाग्नीपेक्षां समुद्रांतील वडवाग्नि बरा असें वाटून सोमेश्वर जळांत बुडाला, अशा अर्थाची चमत्कृति साधली आहे. कवीला श्लेष सुचला, कोंकणाचें राज्य गेलें. आणि राज्याबरोबर तें तगरपुराचें बिरुदही गेलें. ठाण्यांत कोणाच्याही तोंडीं तें राहिल्याचें दिसत नाहीं. इंग्रजांच्या कुदळीनें तें पुन्हां वर काढिलें. अंबरनाथचें देवालय शके ९८२ चें, मुम्मुणीच्या वेळचें. तें उभें आहे, यात्रा भरते, परंतु यात्रेकरूंच्या मुखांत नांव पांडवांचें, मुम्मुणीचें नाहीं.

शिलाहारांमागून आलेल्या यादवांचीही हीच वाट झाली. रामचंद्रदेवाचे शके ११९४ व शके १२१२ चे ताम्रपट ठाण्यासच मिळाले आहेत. त्यानंतर तीस वर्षांच्या आंत, इ. स. १३१८ त, देवगिरीचें राज्य संपलें. अशा देशांत 'आम्ही अमुक लोक' ही जाणीव कोणत्या आधारावर टिकावी? छत्र नाहीं, सैन्य नाहीं, राजधानी परक्यांच्या हातीं. या प्रश्नाचा विचार करण्यास माझ्या मतें ताम्रपटांपेक्षां एक साधी बखर अधिक उपयोगी आहे. ती म्हणजे कै. राजवाडे यांनीं शके १८४६ (इ. स. १९२४) त प्रसिद्ध केलेली महिकावतीची बखर.

ही बखर एकसंध ग्रंथ नव्हे. निरनिराळ्या काळीं निरनिराळ्या हातांनीं रचिलेलीं सहा प्रकरणें तिच्यांत आहेत; तिच्यांतील बिंबराजांचा कालक्रम फार गुंतागुंतीचा असून त्यावर विद्वानांचे वाद झाले आहेत. त्या वादांत मी येथें शिरत नाहीं. माझें लक्ष केशवाचार्याच्या प्रकरणांकडे आहे. तीं शके १३७० चीं, म्हणजे इ. स. १४४८ चीं. त्या वेळीं साष्टी गुजराथच्या सुलतानांच्या अमलाखालीं होती. यादवांचें राज्य बुडून १३० वर्षें झालीं होतीं, म्हणजे ज्यानें तें राज्य डोळ्यांनीं पाहिलें असेल असा एकही मनुष्य हयात असणें शक्य नव्हतें. अशा वेळीं मालाडचा देसला नायकोराव यास देवीचा दृष्टांत होतो कीं, महाराष्ट्रधर्म रक्षावा. आणि तो केशवाचार्यास पुढें करून लोक मिळवितो.

हा शब्द वाचतांच वाचकांच्या मनांत समर्थ रामदास व न्यायमूर्ति रानडे उभे राहतील. मला मात्र सावध राहणें योग्य वाटतें. नायकोरावाचा महाराष्ट्रधर्म म्हणजे बंडाची हांक नव्हे. सभेपुढें जें मांडिलें गेलें तें काय? सोमवंशी कोण, सूर्यवंशी कोण, शेषवंशी कोण. कोणाचें कुळ कोणतें, गोत्र कोणतें, देवी कोणती. वृत्ति कोणाची, आचार कोणता. थोडक्यांत, एक याद. पुष्कळांना हा भाग नीरस वाटतो व ते तो ओलांडून लढायांकडे वळतात. मी स्वतः पहिल्या वाचनांत तसेंच केलें, हें कबूल करितों. परंतु सगळें मर्म या यादींतच आहे. राजा गेल्यावर राजाचें बिरुद निराधार होतें, कारण तें एकाच घरीं ठेविलेलें असतें. कुळ, देवी आणि वृत्ति हीं शेंकडों घरीं ठेविलेलीं असतात. आणि वृत्तीशीं तर पोटाचा संबंध असतो. ज्या कागदानें आपला मान व आपलें शेत सिद्ध होतें, तो कागद मनुष्य जपतो, नक्कल करवितो, मुलास वाचून दाखवितो. आणि त्याच कागदाच्या आधारानें बुडालेल्या राज्याची आठवणही नकळत पुढें जाते.

राजवाडे यांचें मत वेगळें होतें. बखरीच्या विस्तृत प्रस्तावनेंत त्यांनीं येथील सामान्य लोकांच्या राज्यविषयक उदासीनतेवर कठोर टीका केली आहे, आणि अन्नाची सुलभता हें तिचें कारण कल्पिलें आहे. त्यांच्या व्यासंगापुढें माझ्यासारख्या शाळामास्तरानें मान लववावी हेंच खरें. तथापि ज्या बखरीवर त्यांनीं हें मत उभारिलें, तीच बखर मला उलट सांगते. जे लोक राज्याविषयीं सर्वस्वीं उदासीन असतात, ते गेलेल्या राजांच्या वंशावळी १३० वर्षांनीं लिहवून घेण्यासाठीं सभा भरवीत नाहींत.

याच मालाडचें नांव पुढें आणखी एकदां येतें. इ. स. १५३४ त वसई पोर्तुगीजांकडे गेली व साष्टी, ठाणें त्यांच्या अमलाखालीं आलीं. सुमारें दोनशें वर्षांनीं मालाडचा अंताजी रघुनाथ आणि खाडीपलीकडच्या, हल्लीं भिवंडी तालुक्यांत असलेल्या अणजूरचा गंगाजी नाईक यांनीं धर्मच्छळास कंटाळून पेशव्यांकडे खटपट चालविली. चिमाजी आपांच्या मोहिमेंत १७३७ त ठाणें व १७३९ त वसई मराठ्यांच्या हातीं आली. अंताजी हा नायकोरावाचा वंशज असें मी म्हणत नाहीं. तसा पुरावा माझ्यापाशीं नाहीं. एवढेंच म्हणतों कीं, देवगिरीच्या अंतापासून ४१९ वर्षें ठाण्यावर मराठी सत्ता नव्हती, आणि ती यावी म्हणून पुण्याची वाट धरणारे लोक वतनदार व देशमुखी बाण्याचेच निघाले. कल्याण तर शिवाजीमहाराजांनीं १६५७ तच घेतलें होतें. खाडीच्या एका तीरावर स्वराज्य व दुसऱ्यावर फिरंगाण, असा देखावा साष्टीच्या लोकांस अनेक वर्षें रोज दिसत होता. त्याचा परिणाम कोणत्याही दृष्टांताहून कमी नसावा.

माझ्या मताची एक बाजू लंगडी आहे, ती लपविणें बरें नव्हे. यादी ज्यांची लिहिली गेली त्यांचीच आठवण टिकली. आगरी, कोळी, वारली यांच्या घरीं दप्तर कोठून असणार? पण भाषा त्यांनींही टिकविली. आणि वसईच्या ज्या लोकांनीं क्रिस्ती धर्म स्वीकारिला, त्यांनीं कुळाचार सोडिला, देवी सोडिली, पण कादोडीसारखी आपली मराठी बोली सोडिली नाहीं. 'महाराष्ट्रधर्म' या शब्दांत यांस कोठें बसवावें, याचें उत्तर केशवाचार्य देत नाहीं. पोलंडचें राज्य १७९५ त नकाशावरून पुसलें जाऊन १९१८ त पुन्हां उभें राहिलें; त्या १२३ वर्षांत तेथें भाषेनें व देवळानें मिळून जें काम केलें, तें आमच्याकडे भाषेनें कित्येकदां देवळावांचून केलें.

इंग्रजांनीं ठाणें १७७४ च्या डिसेंबरांत घेतलें, पुण्याचें राज्य १८१८ त गेलें. त्यानंतरची हकीकत वाचकांस परिचित आहे. कल्याणास १८६४ त सार्वजनिक वाचनालय आणि ठाण्यास १८९३ त मराठी ग्रंथसंग्रहालय निघालें. याच ठाण्याचे वि. ल. भावे जुन्या पोथ्या मिळवीत व छापीत राहिले. नायकोरावाच्या सभेचें काम आतां कपाटांनीं करावयाचें होतें.

हें लिहिण्यास एक निमित्त घडलें. कल्याणांत मी अनेक वर्षें संस्कृत शिकविलें. माझा एक जुना विद्यार्थी डोंबिवलीस राहतो. त्याच्या आजोळचा वाडा गेल्या सालीं पाडला गेला. माळ्यावर दोन पेटारे होते. एक रद्दींत गेला. दुसऱ्यांतील एक बाड त्यानें मजकडे आणिलें. आरंभींचीं पानें वाळवीनें खाल्लेलीं. उरलेल्यांत कुळें, गोत्रें, देवी यांची याद, मोडींत, अलीकडच्या शतकांतील नक्कल. ती महिकावतीच्या बखरीच्या कोणत्या पाठाशीं जुळते काय, हें मी ताडून पाहत आहें. ठाणें, कल्याण, भिवंडी, वसई या बाजूंस ज्यांच्या घरीं अशी कुलयादी अथवा बखरीची नक्कल असेल, त्यांनीं वाडा उतरविण्यापूर्वीं मंडळास कळवावें. नक्कल उतरवून घेऊन मूळ परत करण्याची हमी मी घेतों.