आदल्या रात्रीचं जेवण

अमक्याने केसाने गळा कापला, असं आपण म्हणतो. परक्याला तसं कुणी म्हणत नाही. आज आम्ही अशीच एक गोष्ट घेऊन आलोय. ती आहे दोन हजार वर्षांपूर्वीच्या रोम शहरातली, आणि खरी घडलेली.

ज्युलियस सीझर आणि त्याला मारणारा ब्रूटस ही नावं बऱ्याच जणींनी ऐकली असतील. पण कटात ब्रूटस दोन होते. गाजला तो मार्कस. सीझरच्या जास्त जवळचा होता तो डेसिमस. गॉलमध्ये, म्हणजे आजच्या फ्रान्समध्ये, त्याने सीझरचं आरमार सांभाळलं. इ.स.पू. 49 मध्ये मार्से बंदराच्या वेढ्यातही समुद्राची बाजू त्याच्याकडेच होती. सीझरने त्याला मानाच्या जागा दिल्या. एवढंच नाही, मृत्युपत्रात पहिले वारस नसले तर पुढे कोण, त्या यादीतही त्याचं नाव घातलं.

इ.स.पू. 44 च्या सुरुवातीला सीझर तहहयात हुकूमशहा झाला. हा आता राजा होणार, अशी भीती अनेकांना वाटली. ती भीती खोटी होती असं आम्ही म्हणणार नाही. साठाहून जास्त जण कटात आले, त्यात डेसिमसही.

14 मार्चच्या रात्री सीझर लेपिडसकडे जेवायला गेला, तो डेसिमसला बरोबर घेऊन. जेवताना विषय निघाला, मरण कसं यावं? सीझर म्हणाला, अचानक. डेसिमसला तो घास कसा गिळला असेल?

त्याच रात्री सीझरच्या बायकोला, काल्पुर्नियाला, वाईट स्वप्न पडलं. नवऱ्याचं प्रेत आपल्या मांडीवर आहे, असं. सकाळी तिने त्याला विनवलं, आज सिनेटच्या सभेला जाऊ नका. आणि त्याने ऐकलं! सभा रद्द करायचं ठरलं.

मग डेसिमस घरी आला. तो काय बोलला ते प्लुटार्क या ग्रीक लेखकाने लिहून ठेवलंय. सगळे ताटकळत बसलेत, तुम्हाला मोठा मान द्यायचं ठरतंय. त्यांना काय सांगू, काल्पुर्नियाला चांगलं स्वप्न पडलं की या? सभा पुढे ढकलायचीच असेल तर निदान स्वतः येऊन सांगा. असं म्हणत त्याने सीझरचा हात धरला आणि त्याला घराबाहेर काढलं.

सुरे नंतर चालले, एकूण 23 घाव. पण आमच्या मते सीझर मेला तो उंबरठ्यावरच. बायकोची काळजी हसण्यावारी गेली आणि दोस्ताचा शब्द खरा ठरला. परक्याने हात धरला असता तर तो उठला असता का?

मृत्युपत्र वाचलं गेलं तेव्हा डेसिमसचं नाव ऐकून लोक खवळले.

पुढच्याच वर्षी, इ.स.पू. 43 मध्ये, डेसिमसचं सैन्य त्याला सोडून गेलं. पळता पळता तो गॉलमधल्या एका सरदाराच्या हाती लागला. हा जुन्या ओळखीचा, डेसिमसने कधीकाळी त्याच्यावर उपकार केलेले. सरदाराने त्याचं आदराने स्वागत केलं आणि आतून सीझरच्या माणसाला, अँटनीला, निरोप धाडला. उत्तर आलं, मारून टाक. डेसिमसचं शिर अँटनीकडे पोचलं.