स्त्रीनिर्वाणाचा जुना वाद

कृष्णा आणि पंचगंगा यांचा संगम ज्या नृसिंहवाडीला होतो, तिच्या भोवतालचा शिरोळचा मुलूख परगावच्या यात्रेकरूला दत्तस्थानामुळे ठाऊक असतो आणि शिल्पाच्या जिज्ञासूला खिद्रापूरच्या कोपेश्वरामुळे. परंतु नांदणीचा भट्टारकमठ, गावोगावच्या बस्त्या आणि पिढ्यान्‌पिढ्या जमीन कसणारा जैन समाज यांनी या तालुक्याच्या धर्मजीवनाला जे तिसरे अंग दिले, त्याचा प्राचीन इतिहास बव्हंशी ताम्रपटांत आणि मठांच्या दफ्तरांतच राहून गेला. त्या इतिहासातील एक प्रकरण मला विशेष मोलाचे वाटते. स्त्रीला स्त्रीदेहानेच मोक्ष मिळू शकतो की नाही, हा तो वाद होय. आणि कॅथलिक धर्मपीठात स्त्रीला धर्मगुरुपदाची दीक्षा द्यावी की नाही यावरून गेल्या अर्धशतकात जे काही लिहिले-बोलले गेले, ते वाचताना त्याचे स्मरण झाल्यावाचून राहत नाही.

शिरोळच्या दक्षिणेस, आजच्या बेळगाव जिल्ह्यातील हलशी येथे जे कदंब ताम्रपट सापडले, त्यांपैकी पाचव्या शतकातील मृगेशवर्म्याच्या दानलेखात निर्ग्रंथ आणि कूर्चक यांच्याबरोबर यापनीय नावाच्या जैन संघाला जमीन दिल्याचा उल्लेख आहे. हे यापनीय मुनी दिगंबरांप्रमाणे नग्न राहत, परंतु श्वेतांबरांप्रमाणे स्त्रीमुक्ती मानीत. आणि त्यांच्याच संघातील वैयाकरण शाकटायन, ज्याला पाल्यकीर्ती असेही नाव होते, याने राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्षाच्या काळी, म्हणजे नवव्या शतकात, ‘स्त्रीनिर्वाणप्रकरण’ लिहून स्त्रीचा पक्ष न्यायशास्त्राच्या शिस्तीने मांडला. प्रतिपक्षाचे म्हणणे असे की, वस्त्र हा परिग्रह आहे, स्त्रीला वस्त्र टाकता येत नाही, म्हणून तिला महाव्रत पूर्ण पाळता येत नाही, शिवाय तिच्या शरीरात सूक्ष्म जीवांची उत्पत्ती व हिंसा अखंड चालते, असे कुंदकुंदांच्या नावे असलेल्या ‘सुत्तपाहुडा’तच सांगितले आहे, आणि ज्या अर्थी पापाच्या पराकाष्ठेने प्राप्त होणाऱ्या सातव्या नरकात स्त्री जात नाही, त्या अर्थी पुण्याच्या पराकाष्ठेलाही ती पात्र नाही.

शाकटायनाने दिलेली उत्तरे आजही मन वेधून घेतात. जेथे आसक्ती नाही तेथे परिग्रह नाही. मुनीच्या हातची पिंछी जशी संयमाचे साधन, तसेच आर्यिकेचे, म्हणजे जैन साध्वीचे, वस्त्र. ध्यानस्थ मुनीच्या अंगावर कोणी उपसर्ग म्हणून वस्त्र घातले, तर त्याचे मुनिपण जात नाही, मग आर्यिकेचेच का जावे? आणि सातव्या नरकाच्या युक्तिवादात व्याप्तीच नाही, कारण ज्यांचा तो शेवटचाच जन्म आहे असे चरमशरीरी पुरुषही सातव्या नरकात जात नाहीत, तरी ते मुक्त होतात. सम्यक दर्शन, ज्ञान आणि चारित्र्य ही रत्नत्रयी मोक्षाचा मार्ग असेल, तर तिच्याशी स्त्रीत्वाचा विरोध दाखवणारे एकही प्रमाण प्रतिपक्षाने दिलेले नाही, असा त्याचा निष्कर्ष होता. अकराव्या शतकात प्रभाचंद्राने ‘न्यायकुमुदचंद्रा’त याचे खंडन केले, पुढे काही शतकांत यापनीय संघच लयाला गेला, त्याच्या बस्त्या आणि मूर्ती दिगंबर संप्रदायात मिळून गेल्या, आणि या मुलखात स्त्रीमुक्ती मानणारा पक्षच उरला नाही. विसाव्या शतकात या विस्मृत संघाकडे विद्वानांचे लक्ष ज्यांनी वेधले, ते डॉ. आदिनाथ उपाध्ये दूधगंगेपलीकडच्या सदलग्याचे आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजातील अर्धमागधीचे अध्यापक; तर या वादाचे मूळ ग्रंथ पद्मनाभ जैनी यांनी १९९१ साली इंग्रजी भाषांतरासह एकत्र प्रसिद्ध केले.

आता रोमकडे वळू. तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस याने अॅरिस्टॉटलच्या जीवशास्त्राचा आधार घेऊन स्त्रीची उत्पत्ती ही बीजशक्तीच्या न्यूनतेमुळे होते असे लिहिले. आणि ते जीवशास्त्र टाकाऊ ठरल्यानंतरही, १९७६ च्या ‘इंतेर इन्सिग्निओरेस’ या घोषणापत्रात धर्मपीठाने असे प्रतिपादन केले की, मिस्सा अर्पण करणारा धर्मगुरू ख्रिस्ताच्या ठायी उभा असतो, ख्रिस्त पुरुष होता, म्हणून त्याच्याशी असलेले नैसर्गिक साम्य पुरुषातच असू शकते. पोप दुसरे जॉन पॉल यांनी २२ मे १९९४ च्या पत्राने, स्त्रियांना ही दीक्षा देण्याचा अधिकारच चर्चला नाही, असा अखेरचा हुकूम दिला. स्त्रीला तारण मिळते याविषयी तेथे कधी दुमत नव्हते, हा जैन वादाहून मोठा भेद आहे; परंतु पदाचा प्रश्न देहाच्या आकृतीवर आणून ठेवण्याची रीत मात्र एकच. अमेरिकन धर्मपंडिता रोझमेरी रॅडफर्ड रूथर यांनी १९८३ साली हीच विसंगती नेमकी पकडली: ख्रिस्ताचे पुरुषत्व इतके निर्णायक असेल, तर पुरुष तारक स्त्रीला तारू शकतो काय? जे ख्रिस्ताने स्वतःत धारण केले नाही ते तारले गेले नाही, असे चौथ्या शतकातील ग्रेगरी नाझियान्झसचे सूत्र आहे. ते मानायचे, तर ख्रिस्ताने मानवत्व धारण केले असेच म्हणावे लागते, केवळ पुरुषत्व नव्हे. शाकटायनाला हा युक्तिवाद खचित आवडला असता.

तथापि मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा भेद निराळाच आहे. यापनीयांनी स्त्रियांची वकिली मनापासून केली, परंतु त्या वादात एकाही आर्यिकेची स्वतःची कैफियत आपल्यापर्यंत आलेली नाही; वादी पुरुष, प्रतिवादी पुरुष, आणि जिच्या मुक्तीचा फैसला व्हायचा ती मौन. वकील नाहीसे झाले तेव्हा दावाही त्यांच्याबरोबर गेला. कॅथलिक स्त्रियांनी गेल्या काही दशकांत जे मिळवले, ते दीक्षेपेक्षा मला मोठे वाटते: त्या शास्त्र शिकल्या. गोव्यात आर्चबिशप आलेशु द मेनेझिस यांनी १६०६ साली स्थापलेला सांता मोनिकाचा मठ घ्या. धनाढ्य घराण्यांतील मुली हुंड्यासह तेथे जातात, म्हणून गोव्याच्या नगरसभेने पोर्तुगालच्या राजाकडे तक्रारी केल्या. म्हणजे मठात जाणेही स्त्रीच्या अंतःकरणापेक्षा मालमत्तेचाच प्रश्न मानला गेला. त्याच इमारतीत १९६४ पासून व्रतस्थ भगिनींना धर्मशास्त्र शिकवणारी ‘मातेर देई’ संस्था उभी राहिली. पुण्यात १९८२ साली ‘स्त्रीवाणी’ ही संस्था निघाली, आणि ज्या ज्ञानदीप विद्यापीठात एके काळी केवळ भावी धर्मगुरू शिकत, तेथे स्त्रियाही धर्मशास्त्राच्या पदव्या घेऊ लागल्या. मुंबईच्या अॅस्ट्रिड लोबो गाजीवाला यांच्यासारख्या विवाहित, संसारी स्त्रीने धर्मशास्त्रावर अधिकाराने लिहावे आणि भारतीय बिशप परिषदेच्या २०१० च्या स्त्रीपुरुष समतेच्या धोरणाचा मसुदा करण्यात भाग घ्यावा, ही घटना मी साधी मानीत नाही.

कारण नीतिशास्त्राचा प्रश्न येथेच बदलतो. नवऱ्याचा मार सोसणाऱ्या बाईला ‘आपला क्रूस वाहा’ असा उपदेश करणारा धर्मगुरू दुष्ट नसतो. त्याने दुःखाचे शास्त्र एका बाजूनेच वाचलेले असते. लादलेले दुःख आणि स्वेच्छेने केलेला त्याग एक नव्हेत, हे या स्त्रियांनी शुभवर्तमानाच्याच आधाराने दाखवून दिले. कायद्यातही तीच विषमता होती: १८६९ च्या घटस्फोट कायद्यानुसार ख्रिस्ती पतीला पत्नीचा व्यभिचार सिद्ध करणे पुरेसे होते, पत्नीला मात्र व्यभिचाराबरोबर क्रौर्य किंवा परित्याग यांसारखे काही आणखी सिद्ध करावे लागे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने १९९७ साली ही विषमता घटनाबाह्य ठरवली, आणि २००१ च्या दुरुस्तीने ती कायद्यातून गेली.

धर्मपीठाचा कारभार संथ आहे, पण स्थिर नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये रोमच्या सिनडमध्ये स्त्रियांनी प्रथमच मतदान केले. पुढच्या वर्षीच्या अंतिम दस्तऐवजात, स्त्रियांना डीकन या कनिष्ठ दीक्षेचा अधिकार असावा की नाही हा प्रश्न खुला ठेवणारा एक परिच्छेद होता. तो मंजूर झाला खरा, परंतु साऱ्या दस्तऐवजात सर्वाधिक विरोधी मते, ९७, त्यालाच पडली.