रेवदंडा
रायगड जिल्ह्याच्या अलिबाग तालुक्यातील, कुंडलिका खाडीच्या मुखावरील ऐतिहासिक बंदर व किल्ला. पोर्तुगीज कागदपत्रांतले ‘चौल’ ते हेच. मूळ चौल गाव शेजारीच, आतल्या बाजूला आहे. अफनासी निकितीन हा रशियन प्रवासी 1469 च्या सुमारास चौललाच उतरला. 1508 मध्ये येथील आरमारी लढाईत पोर्तुगीज व्हाइसरॉयचा मुलगा लोरेन्सो द आल्मैदा मारला गेला. निजामशाहीच्या परवानगीने 1521 मध्ये पोर्तुगीजांनी किल्ल्याचे काम काढले. त्याच निजामशाहीने 1570-71 मध्ये वेढा घातला, तो फसला. पोर्तुगीजांच्या वसईच्या पाडावानंतर 1740 च्या तहाने चौल मराठ्यांकडे आले.

किल्ला पाहायला जाणाऱ्याला तो आधी सापडतच नाही, कारण गाव तटाच्या आतच वसले आहे. नारळी-पोफळीच्या वाड्या, आगरातल्या विहिरी आणि त्यांच्यामधून डोकावणाऱ्या चर्चच्या भिंती असा सगळा प्रकार. उंच उभा आहे तो सातखणी बुरूज. नावाने बुरूज असला, तरी तो चर्चचा मनोरा असून त्याचे वरचे मजले ढासळले आहेत. समुद्राकडचा तट सुरूच्या बनाला लागून आहे.

खाडीपलीकडे कोर्लई. तेथील ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज व मराठीच्या मिश्रणातून घडलेली बोली आजही घरात बोलली जाते. दगडी अवशेषांपेक्षा हा वारसा मोलाचा.

रेवदंड्याचा समुद्राकडचा तट पायी पाहायचा तर ओहोटीची वेळ साधावी.