नांगराची निशाणी

शहरांतील सुशिक्षित गृहस्थ सहीला माणसाच्या वचनाची साक्ष मानतो. सहीबद्दल तंटा निघालाच, तर तज्ज्ञ दोन सह्या शेजारीं ठेवील, अक्षराचें वळण व लेखणीचा जोर पाहील आणि खरेंखोटें निवडील, असा त्याचा भरंवसा असतो. परंतु ज्याला अक्षरच येत नाहीं, त्याची सही कशाशीं ताडून पाहावयाची? एकोणिसाव्या शतकांत जुन्नर-आंबेगावच्या शेतकऱ्याची जमीन पुष्कळदां या एका प्रश्नावर अडकलेली असे.

जुन्या मराठी दस्तांत निरक्षर कुणब्याच्या नांवापुढें नांगराची निशाणी असे, स्त्रीच्या नांवापुढें बांगडीची. ती निशाणी अनेकदां दस्त लिहिणाराच काढी. ऋणकोनें लेखणीला हात लावला, कीं संमति पुरी झाली. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें वादग्रस्त सही कबूल सहीशीं ताडून पाहण्याचा अधिकार न्यायाधीशास दिला खरा. पण एक नांगर दुसऱ्या नांगरासारखाच! त्यांतून फार तर दस्त लिहिणाराचा हात ओळखावा. नांगर धरणाराचा नव्हे.

त्यांत मुदतीच्या कायद्याची भर पडली. १८५९ च्या कायद्यानें नोंदणी न झालेल्या रोख्यावरील दाव्यास तीन वर्षांची मुदत ठरविली. हेतु ऋणकोच्या संरक्षणाचा, फळ उलटें. मुदत संपण्यापूर्वीं सावकार व्याज मुद्दलांत मिळवून नवा रोखा करून घेई, आणि नवी निशाणी उमटे. पुढें दावा लागला म्हणजे पेरणी सोडून, ओढे-घाट ओलांडून कोर्टाची वाट धरावी, वकील द्यावा, तारखेमागून तारीख घ्यावी, हें कोणाला झेपणार? बहुतेक ऋणको हजरच होत नसत आणि एकतर्फी हुकुमनामा होई. जो झगडे त्याला विलंब मारी. जो घरीं राही त्याला घाई मारी.

न्यायाची वाट अशी बिकट झाल्यावर आडवाटा दिसूं लागल्या. १८७३ मध्यें आंबेगावच्या डोंगरांतील जांभोरीच्या होन्या केंगले यानें सावकारांविरुद्ध शस्त्र उचललें. १८७६ मध्यें तो पकडला गेला. दरम्यान जिल्ह्याच्या पूर्वभागांत, सुपें येथें, १२ मे १८७५ रोजीं दंगा उसळला व तो पुणें आणि नगर जिल्ह्यांत पसरला. दंगेखोरांचा डोळा मुख्यतः सावकाराच्या दप्तरावर होता. रोखे हातीं येतांच ते जाळून टाकीत.

सरकारी चौकशीनंतर १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा झाला. पुणें, सातारा, सोलापूर व नगर या चार जिल्ह्यांस तो लागू झाल्यानें जुन्नर-आंबेगावचा टापूही त्याच्या कक्षेंत आला. शेतकऱ्याचा दस्त गांवच्या रजिस्ट्रारसमोर व त्याच्या देखरेखीखालीं लिहिला जावा, एरवीं तो पुराव्यांत घेऊं नये. अस्सल धनकोकडे जावी, नक्कल ऋणकोस मिळावी. न्यायाधीशानें प्रतिवादीस शक्यतों समक्ष तपासावें व व्यवहाराचा इतिहास मुळापासून पाहावा, असें ठरलें. पुढें न्यायमूर्ति म्हणून विख्यात झालेले महादेव गोविंद रानडे १८८७ मध्यें या कायद्याखालील खास न्यायाधीश झाले.

तथापि सावकारही स्वस्थ बसले नाहींत. गहाणाऐवजीं खरेदीखत लिहून घेण्याची रीत वाढली. निशाणी खरी, साक्षीदार खरे. मजकूर मात्र व्यवहाराला सोडून!

१८९९ च्या दुरुस्तीनें बोटांच्या ठशांवरील तज्ज्ञमत पुराव्यांत आलें, आणि हळूहळू नांगराची जागा अंगठ्यानें घेतली. अंगठा कोणाचा, हें आतां सांगतां येऊं लागलें. १ जुलै २०२४ पासून अमलांत आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमांतही सही ताडून पाहण्याची तरतूद कायम आहे. परंतु हात कोणाचा, एवढेंच ही ताडणी सांगते. त्या हाताच्या धन्याला मजकूर समजला होता काय, हें ती सांगूं शकत नाहीं. तें विचारण्याची खरी वेळ दस्त लिहितांनाची; कोर्टांत अनेक तारखा पडल्यानंतरची नव्हे.