स्वस्त आणि परवडणारी : लहान मोटारीच्या इतिहासातील एक शब्दभेद

मराठीत 'स्वस्त' हे विशेषण आहे आणि 'परवडणे' हे क्रियापद. हा भेद व्याकरणाचा असला तरी व्याकरणापाशी थांबत नाही. 'स्वस्त' हे विशेषण थेट वस्तूला जाऊन चिकटते आणि वस्तूबरोबर ती वापरणाऱ्यालाही चिकटण्याची भीती असते. 'परवडणे' मात्र आवडणे, पटणे, सुचणे ह्या क्रियापदांच्या घरातले आहे. त्याला समोर एक माणूस लागतो. 'परवडते' असे म्हटले की 'कोणाला?' हा प्रश्न उभा राहतोच. भारतात गेल्या सत्तर वर्षांत शहरातल्या रोजच्या वापरासाठी ज्या लहान मोटारी निघाल्या, त्यांची तुलना सामान्यतः किंमत, अ‍ॅव्हरेज आणि देखभालीचा खर्च ह्या तीन कसोट्यांवर केली जाते. ती आवश्यकच आहे. परंतु ह्या मोटारींपैकी कोणती लोकांनी आपली मानली आणि कोणती नाकारली, हे समजून घेताना वरील शब्दभेद हाताशी असलेला बरा.

आरंभ मुंबईपासून करावा लागतो. सोलापूरचे वालचंद हिराचंद ह्यांनी १९४४ साली प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही कंपनी स्थापन केली. तिचा कारखाना कुर्ल्याला होता. इटलीच्या फियाट कंपनीशी करार झाल्यावर १९५४ पासून तेथे 'फियाट ११००' तयार होऊ लागली. हीच मोटार पुढे रूप आणि नाव बदलत १९७४ साली 'प्रीमियर पद्मिनी' झाली. चितोडच्या राणीचे नाव धारण करूनही लोकांच्या तोंडी ती 'फियाट'च राहिली. कलकत्त्याजवळच्या उत्तरपाडा येथील अ‍ॅम्बेसेडर १४८९ सीसीची, ऐसपैस आणि सरकारी थाटाची. तिच्याशेजारी १०८९ सीसीची, सुमारे ३.९ मीटर लांबीची पद्मिनी आटोपशीर दिसे. म्हणून मुंबईच्या दाटीत टॅक्सी म्हणून ती रुळली आणि कलकत्त्याच्या टॅक्सीचा मान अ‍ॅम्बेसेडरकडे राहिला.

आजच्या दृष्टीने पाहिले तर शहरात ही मोटार चालवणे हा व्यायामच होता. गिअरचा दांडा स्टिअरिंगच्या खांबाला, स्टिअरिंग जड, सकाळी चोक ओढून इंजिनाची मनधरणी करायची, आणि उन्हाळ्यात रहदारीत अडकले की बॉनेट उघडून रेडिएटर थंड होण्याची वाट पाहायची. तिचे गुण वेगळे होते. पत्रा जाड होता, यंत्ररचना साधी होती आणि तिच्यातले काहीही कोपऱ्यावरच्या मिस्त्रीला दुरुस्त करता येत असे. तरीही त्या काळात तिची इतर मोटारींशी 'तुलना' फारशी कोणी केली नाही. परवाना पद्धतीमुळे कारखान्यांनी किती मोटारी काढायच्या ह्यावर बंधन होते, नोंदणी करून वर्षानुवर्षे थांबावे लागे आणि बाजारात मोजून दोन-तीन नावे होती. निवड नसेल तिथे तुलनेला अर्थ नसतो. तीच मोटार टॅक्सी म्हणून रस्त्यावर धावते आणि डॉक्टरांच्या दवाखान्यासमोरही उभी राहते, ह्यात कोणाला कमीपणा वाटला नाही, ह्याचेही कारण हेच. मोटार असणे एवढीच प्रतिष्ठा पुरेशी होती. ती कोणती, हा प्रश्न पुढचा होता.

लहान आणि स्वस्त मोटारीची कल्पना सरकारी कागदांवर मात्र केव्हाच अवतरली होती. पन्नासच्या दशकाच्या अखेरीपासून समित्या नेमल्या गेल्या, शिफारशी झाल्या, आणि सार्वजनिक बस आधी की खासगी मोटार आधी ह्या वादात त्या मागे पडल्या. १९७० साली संजय गांधी ह्यांना अशा मोटारीसाठी इरादापत्र मिळाले आणि १९७१ मध्ये 'मारुती लिमिटेड' स्थापन झाली. देशी बनावटीच्या जनतेच्या मोटारीचे ते स्वप्न कारखान्याच्या दाराबाहेर फारसे पडले नाही. आणीबाणीनंतर त्या व्यवहारांवर चौकशी आयोग बसला आणि कंपनी मोडीत निघाली. संजय गांधींच्या मृत्यूनंतर सरकारने ती मालमत्ता ताब्यात घेतली, १९८१ साली 'मारुती उद्योग' ही सरकारी कंपनी उभी केली आणि १९८२ मध्ये जपानच्या सुझुकीशी करार केला. १४ डिसेंबर १९८३ रोजी इंदिरा गांधींच्या हस्ते पहिल्या मारुती ८०० ची किल्ली दिली गेली. किंमत होती ४७,५०० रुपये.

ही रक्कम मुळीच 'स्वस्त' नव्हती. मध्यमवर्गीय नोकरदाराच्या कित्येक वर्षांच्या बचतीएवढी ती होती. तरीसुद्धा पहिली मोटार कारखान्यातून बाहेर पडण्यापूर्वीच एक लाखाहून अधिक लोकांनी पैसे भरून नोंदणी केली होती. असे का झाले ह्याचे उत्तर मोटारीच्या रचनेत सापडते. ७९६ सीसीचे तीन सिलिंडरांचे इंजिन पुढच्या बाजूला आडवे बसवलेले होते आणि त्याचे बळ पुढच्याच चाकांना मिळत असल्यामुळे लांबी जेमतेम ३.३ मीटर असूनही आत चार माणसे नीट बसत. वजन सुमारे ६५० किलो. क्लच हलका, गिअर हाताशी, वळण घ्यायला जागा थोडी. सकाळी चावी फिरवली की ती सुरू होई आणि संध्याकाळी घरी पोहोचवी. हे वाक्य आज सामान्य वाटते. पण ज्यांच्या डोळ्यांपुढे चोक आणि रेडिएटर होते, त्यांच्यासाठी भरवसा हीच मोठी नवलाई होती. ड्रायव्हिंग स्कूलच्या मालकांनी हीच मोटार निवडली आणि शहरांतल्या दोन पिढ्या, विशेषतः पूर्वी स्टिअरिंगपासून दूर राहिलेल्या असंख्य स्त्रिया, तिच्यावरच मोटार शिकल्या. गावाच्या वेशीवर ज्या देवतेचे ठाणे असते तिचेच नाव ह्या जपानी यंत्राला मिळावे आणि ते इतके साजावे, हा योगायोग मराठी माणसाला विशेष भावला असावा.

'परवडणे' ह्या क्रियापदाचा खरा अर्थ इथे उलगडतो. परवडण्यात किंमत असते, पण त्याखेरीज दुरुस्तीचा न होणारा खर्च, न बुडणारा कामाचा दिवस, पाच वर्षांनी विकताना हाती येणारी रक्कम आणि शेजाऱ्याच्या नजरेतला आदर हेही असते. मारुतीची किंमत जास्त होती, पण हा सगळा हिशेब जुळत होता. १९८३ पासून जानेवारी २०१४ पर्यंत ह्या एका मोटारीच्या पंचवीस लाखांहून अधिक प्रती देशात विकल्या गेल्या.

तुलना ह्या शब्दाला अर्थ आला तो १९९३ साली मोटार उद्योग परवान्यातून मुक्त झाल्यानंतर. त्याच वर्षी मारुतीची 'झेन' आली. १९९८ हे वर्ष तर ह्या इतिहासातील वळणच मानावे लागेल. ह्युंदाईची 'सँट्रो', देवूची 'माटीझ' आणि टाटांची 'इंडिका' ह्या तिन्ही मोटारी त्याच वर्षी आल्या. सँट्रो उंच होती. बसताना वाकावे लागत नसे आणि रहदारीत पुढचे दिसे. घरातल्या वृद्धांना हा फरक पहिल्याच दिवशी कळला. पुण्याजवळ पिंपरीला तयार झालेल्या इंडिकाचा संकल्प वेगळा होता. झेनचा आकार, अ‍ॅम्बेसेडरची जागा आणि मारुती ८०० च्या आसपासची किंमत ह्यांचा मेळ घालणारी, डिझेलवर चालणारी मोटार रतन टाटा ह्यांना हवी होती. संपूर्ण मोटार भारतात आखण्याचा तो मोठा प्रयत्न होता. आरंभीच्या इंडिकाबद्दल तक्रारी पुष्कळ झाल्या. २००१ साली सुधारित आवृत्ती आली आणि मोटार सावरली. डिझेलचा कमी खर्च आणि मागची प्रशस्त जागा ह्यांमुळे ती भाड्याच्या वाहतुकीत सर्वत्र दिसू लागली. मात्र पद्मिनीच्या वेळी जे खुपले नव्हते ते आता खुपू लागले. बाजारात निवड आल्यावर टॅक्सीवाल्यांची मोटार आणि घरची मोटार असा भेद ग्राहक करू लागला. ज्या गुणांमुळे इंडिका परवडत होती, त्याच गुणांमुळे ती काहींना नकोशी झाली.

ह्या पार्श्वभूमीवर नॅनोकडे पाहावे. स्कूटरवर पुढे एक मूल उभे, मागे पत्नी आणि तिच्या मांडीवर दुसरे मूल, असे कुटुंब पाहून ही कल्पना सुचल्याचे रतन टाटा सांगत. १० जानेवारी २००८ रोजी दिल्लीच्या वाहन प्रदर्शनात मोटार जगापुढे आली आणि मार्च २००९ मध्ये मुंबईत तिची विक्री जाहीर झाली. कारखान्यातील मूळ किंमत एक लाख रुपये. करभारासह हातात येईपर्यंत अधिक. गिरीश वाघ ह्यांच्या नेतृत्वाखालील अभियंत्यांनी ह्या किमतीसाठी प्रत्येक भागाचा नव्याने विचार केला. ६२४ सीसीचे दोन सिलिंडरांचे इंजिन मागे ठेवले. वायपर एकच. चाकाला चारऐवजी तीन नट. मागचे दार उघडत नसे; पेट्रोल भरायला पुढचे बॉनेट उघडावे लागे. तरीही शहरापुरता विचार केला तर तिचे गुण थोडेथोडके नव्हते. लांबी ३.१ मीटर, वळणाची त्रिज्या चार मीटर, आसने उंच, आणि आतली जागा बाहेरून पाहणाऱ्याला चकित करणारी. गल्लीत वळवायला आणि सापडेल त्या फटीत उभी करायला तिच्याइतकी सोयीची मोटार बाजारात नव्हती.

आरंभी दोन लाखांहून अधिक लोकांनी नोंदणी केली आणि पहिल्या एक लाख मोटारी सोडत काढून द्याव्या लागल्या. नंतर मात्र मागणी ओसरली. वर्षाला अडीच लाख मोटारींची क्षमता योजलेली असताना सर्वांत चांगल्या वर्षी, २०११-१२ मध्ये, विक्री पंचाहत्तर हजारांच्याही आत राहिली. कारणे अनेक होती. सिंगूरच्या शेतजमिनीवरून झालेल्या आंदोलनामुळे ऑक्टोबर २००८ मध्ये कारखाना गुजरातेत साणंदला हलवावा लागला आणि मोक्याचा काळ हातचा गेला. काही मोटारींना आगी लागल्याच्या बातम्यांनी धास्ती निर्माण केली. पॉवर स्टिअरिंग २०१४ साली आणि उघडणारे मागचे दार २०१५ साली आले, तोवर गिऱ्हाईक पुढे निघून गेले होते. जून २०१८ मध्ये संपूर्ण महिन्यात एकच नॅनो तयार झाली.

ह्या सर्व कारणांच्या मुळाशी एक कारण भाषेचे आहे आणि ते खुद्द टाटांनीच नंतर बोलून दाखवले. 'परवडणारी' म्हणून जी मोटार पुढे यायला हवी होती ती 'सर्वांत स्वस्त' म्हणून ओळखली गेली, आणि ह्यात कंपनीच्या विक्रीविभागाचाही वाटा होता, अशी खंत त्यांनी व्यक्त केली. चलनवाढ लक्षात घेतली तर १९८३ चे ४७,५०० रुपये २००९ च्या एक लाखापेक्षा कितीतरी अधिक भरतात. म्हणजे महाग मोटार परवडणारी ठरली आणि तिच्याहून स्वस्त मोटार केवळ स्वस्त राहिली. स्कूटरवरून मोटारीत येणारे कुटुंब आयुष्यात एकदाच तो उंबरठा ओलांडते. त्या प्रसंगी दारापुढे पेढे वाटायचे असतात. आपण सर्वांत कमी किमतीची वस्तू घेतली, हे जगाला सांगणारी खूण त्या दिवशी कोणाला दारात नको असते. त्यापेक्षा जुनी, दुसऱ्या हाताची मारुती अनेकांना अधिक मानाची वाटली असल्यास नवल नाही.

हा निष्कर्ष मध्यमवर्गाच्या दिखाऊपणाची टिंगल करून सोडून देण्याजोगा नाही. प्रतिष्ठा ही गरिबालाही लागणारी गोष्ट आहे आणि तिचा हिशेब न करणारी योजना कितीही सद्हेतूची असली तरी अपुरी पडते. दुसरीकडे स्वस्ताईची किंमत कोणीतरी मोजत असतेच, हेही विसरता येत नाही. सिंगूरमध्ये ती शेतकऱ्यांनी मोजली. त्यांची जमीन परत करण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने २०१६ साली दिला. प्रवाशांनीही ती मोजली. जानेवारी २०१४ मध्ये जाहीर झालेल्या 'ग्लोबल एनकॅप'च्या धडक-चाचण्यांत नॅनोबरोबर तिच्याहून महाग अशा चार लोकप्रिय लहान मोटारींनाही प्रौढांच्या सुरक्षिततेसाठी शून्य तारे मिळाले. तोपर्यंतच्या आपल्या तुलनांच्या तक्त्यांत अ‍ॅव्हरेजचा रकाना ठळक होता. जीव वाचण्याचा रकाना बहुधा नव्हताच. पुढे एअरबॅग सक्तीच्या झाल्या, प्रदूषणाचे निकष कडक झाले आणि त्याबरोबर किमतीही वाढल्या.

आता 'लहान' ह्या शब्दाची व्याख्या शासन करते. २००६ च्या अर्थसंकल्पाने चार मीटरपर्यंत लांबी आणि पेट्रोलसाठी १२०० किंवा डिझेलसाठी १५०० सीसीपर्यंत इंजिन असलेल्या मोटारींना करसवलत दिली. सप्टेंबर २०२५ मध्ये अशाच मोटारींवरील वस्तू व सेवा कर २८ टक्के आणि अधिभारावरून १८ टक्क्यांवर आला. ह्या व्याख्येनुसार जुनी पद्मिनीही लांबीने आणि इंजिनाने 'लहान'च ठरली असती. आज त्याच चार मीटरांत उंच, रुबाबदार मोटारी बसवल्या जातात आणि मारुती ८०० च्या मापाची मोटार दुर्मिळ होत चालली आहे.

मुंबईच्या रस्त्यावरून शेवटची पद्मिनी टॅक्सी ऑक्टोबर २०२३ च्या अखेरीस निवृत्त झाली, तेव्हा वृत्तपत्रांनी हळवे लेख लिहिले. नॅनोच्या वाट्याला असे स्मरण फारसे आलेले नाही. पण जिच्यासाठी ती कल्पिली होती ती स्कूटर अजून रस्त्यावर आहे. देशातील रस्ते-अपघातांत मरणाऱ्यांपैकी चाळीस टक्क्यांहून अधिक लोक दुचाकीवरचे असतात. त्या चौघांना पावसातून सुरक्षित घरी नेणारे वाहन मोटार असेल किंवा वेळेवर येणारी बस असेल. त्याचा विचार करताना 'किती रुपयांना?' ह्याच्या आधी 'कोणाला?' हे विचारावे लागेल. 'परवडणे' ह्या क्रियापदाची तेवढी अट आहे.